टेबल नंबर तीनवरचा माणूस

गावात कुणी विचारलं, ‘मेस्त्रीनू, तुमी नोकरी खंय केलास?’ तर मी ‘कॉलेजात’ म्हणून मोकळा होतो. समोरचा मला मास्तर समजतो, बसायला खुर्ची देतो. एकदा एका लग्नात खरं सांगितलं. शेजारी जेवत असलेल्या गृहस्थांनी हातातला वडा पानात ठेवला आणि पुन्हा उचलला नाही. तेव्हापासून मी जेवणाच्या पंगतीत तरी मास्तरच राहतो.

खरं असं, की मी एकतीस वर्षं मेडिकल कॉलेजच्या ॲनाटॉमी विभागात अटेंडंट होतो. डॉक्टर होऊ पाहणारी मुलं पहिल्या वर्षी माणसाचं शरीर उघडून शिकतात. ते शरीर तयार करायचं, सांभाळायचं, टेबलावर आणायचं आणि शेवटी उरेल ते नीट एकत्र करून अंत्यसंस्काराला पाठवायचं, हे माझं काम. पहिली सव्वीस वर्षं घाटावरच्या एका कॉलेजात गेली आणि शेवटची पाच इथे, आमच्याच सिंधुदुर्गात. मागच्या वर्षी निवृत्त झालो.

लोकांना वाटतं, या कामाला छाती लागते. छाती लागत नाही, हात लागतो. मांडीत बोटभर चीर द्यायची, धमनी शोधायची, नळी बसवायची आणि उंचावर टांगलेल्या बाटलीतलं औषध हळूहळू अंगभर उतरू द्यायचं. घाई केली तर चेहरा सुजतो. बोटांच्या टोकांपर्यंत औषध पोचलं की नाही, हे दाबून कळतं. माझ्या हातची बॉडी दोन दोन वर्षं टिकायची, हे प्रोफेसरसुद्धा मान्य करायचे. चक्कर येऊन पडणारा विद्यार्थीही मला आधी ओळखू यायचा. तो दारातच खूप विनोद करत असतो. त्याच्यामागे मी स्टूल घेऊन उभा राहायचो.

शरीरं येतात दोन वाटांनी. काही माणसं जिवंतपणी देहदानाचा फॉर्म भरून ठेवतात. बाकीची बेवारस. दवाखान्यात वारली, पोलिसांनी शोध घेतला, पेपरात दिलं, मुदत संपली, कुणी आलं नाही, की कायद्याने ती कॉलेजला मिळतात.

इथल्या विभागप्रमुख डॉ. सामंत मॅडम दरवर्षी पहिल्या दिवशी मुलांना टेबलाजवळ जाऊ देत नसत. आधी भिंतीशी उभं करून जुना इतिहास सांगत. विलायतेत एके काळी शिकवायला शरीरं पुरत नव्हती, तेव्हा पैसे घेऊन ताज्या कबरी उकरणारी माणसं होती. घरचे लोक कबरीवर लोखंडी पिंजरे बसवून पहारे करायचे. काहींनी तर उकरण्याचे कष्ट नकोत म्हणून जिवंत माणसं मारून विकली. घेणारे डॉक्टर मोठे विद्वान होते, पण मागच्या दाराने काय येतंय हे त्यांनी विचारलं नाही. आपल्याकडूनही गोरगरिबांचे सांगाडे परदेशी जात होते. ‘तुम्ही जे शिकणार आहात,’ मॅडम म्हणायच्या, ‘त्याच्या पायाशी चोरी आहे. म्हणून हात धुऊन नाही, हात जोडून आत या.’

मी दारात उभा राहून ऐकायचो. मनात म्हणायचो, आपलं सगळं कागदावर आहे. आपण चोर नाही.

तसं पाहिलं तर हे म्हणण्याचा मला पूर्ण हक्क नव्हता. घाटावरच्या कॉलेजात असताना एक म्हातारा गृहस्थ हातात फोटो घेऊन आला होता. त्याची बहीण डोक्याने जरा कमी होती, घरातून निघून गेली होती. फोटोतल्या बाईच्या कपाळावर भाजल्याचा डाग होता. तसा डाग असलेली बाई चार महिने आमच्या टेबलावर होती आणि आता दाखवण्यासारखं तिचं काही उरलं नव्हतं. तेव्हाचे साहेब म्हणाले, ‘अशी कुणी इथे नाही.’ मी बाजूला उभा होतो. मी त्याला पाणी दिलं. तो तीनदा आला आणि तीनदा मी पाणीच दिलं. नोकरी नवी होती, लग्न ठरलं होतं, अशी कारणं माझ्याकडे होती. ती अजूनही आहेत, पण उपयोगी पडत नाहीत.

आता टेबल नंबर तीनची गोष्ट सांगतो.

इथलं कॉलेज नवीन होतं. मुलं शंभर आणि शरीरं दोन. चार दिवसांत तपासणीची कमिटी यायची होती. अधिष्ठाता रोज विचारायचे, ‘मेस्त्री, तिसऱ्या टेबलाचं काय?’ अशात एका शुक्रवारी सकाळी तिसरी बॉडी आली. साठीच्या आसपासचा पुरुष. वैभववाडी स्टेशनच्या बाकावर पडलेला सापडला होता. अर्ध्या अंगावरून वारं गेलेलं, वाचा बंद, खिशात कागद नाही, फोन नाही. दवाखान्यात अकरा दिवस जगला. पोलिसांनी सगळं रीतसर केलं होतं, फोटो छापला होता, मुदतीपेक्षा चार दिवस जास्तच थांबले होते. कागदात बोट ठेवायला जागा नव्हती.

मी नेहमीसारखा कामाला लागलो. आधी डोकं आणि दाढी भादरली. मग अंग धुवायला घेतलं. डावा हात वर केला आणि दंडाच्या आतल्या बाजूला गोंदण दिसलं. कागदावर ‘अस्पष्ट निळी खूण’ एवढंच लिहिलेलं. एक उभी रेघ, तिला दोन आडव्या, खाली टिंब.

मी स्पंज बाजूला ठेवला आणि दिवा जवळ ओढला.

माझे वडील होड्यांचे मेस्त्री. आमच्या किनाऱ्यावर रापण ओढतात, म्हणजे समुद्रात लांबलचक जाळं सोडून दोन्ही टोकं वाळूवरून वीस-पंचवीस जणांनी ओढायची. जाळं तरंगतं ठेवायला पूर्वी लाकडी तुकडे असत. एकाची जाळी दुसऱ्यात मिसळू नयेत म्हणून प्रत्येक रापणीची आपली खूण त्या तुकड्यांवर कोरलेली असे. वडील ती कोरायचे. ही खूण मी आमच्या अंगणात भुशात पडलेली शेकडो वेळा पाहिली होती. कुणाची ते मात्र आठवेना. पण एक गोष्ट पक्की होती. हा माणूस बेवारस नव्हता. ज्या खुणेला वीस माणसं लागतात, ती त्याच्या अंगावर होती. वैभववाडी पडली घाटाच्या पायथ्याची, तिथे ही खूण ओळखणार कोण?

मी मॅडमना बोलावलं. त्यांनी खूण पाहिली आणि माझं सगळं ऐकून घेतलं.

‘औषध आजच भरावं लागेल मेस्त्री. नाहीतर घरचे आले तरी त्यांच्या हाती काही लागणार नाही.’

‘भरतो. पण मुलं कापायला येतील, त्याचं काय?’

‘सोमवारी दहाला प्रॅक्टिकल आहे. तोपर्यंत कुणी हात लावणार नाही. त्यापुढे मला शब्द देता येत नाही.’

खरं तर औषध मुरायला काही आठवडे द्यावेत. पण कमिटीपुढे तिसरं टेबल रिकामं दिसायला नको होतं.

शनिवारी पहाटे मोटरसायकल काढली. खूण कागदावर काढून घेतली होती. तीन किनारे पालथे घातले. कुठे रापणच बंद पडलेली, कुठे जाळ्याला प्लॅस्टिकचे गोळे आणि खुणा विसरलेली पोरं. दुपारी तोंडवलीला पोचलो. सुरूच्या बनाखाली पर्यटक फोटो काढत होते आणि पलीकडे रापण नुकतीच वाळूवर आली होती. मी कागद पुढे केला. दोघातिघांनी पाहिला आणि सगळे एका म्हाताऱ्याकडे बघू लागले. उघडा, काळा, सत्तरीतही खांदे तसेच. रापणीचा तांडेल, म्हणजे मुख्य. भिकाजी तारी.

‘खंयसून इलास?’ त्यांनी विचारलं.

मी कॉलेजचं नाव न घेता सांगितलं, की दवाखान्यात एक माणूस वारला, त्याच्या दंडावर ही खूण आहे.

कागदाकडे पुन्हा न बघता ते म्हणाले, ‘ही आमची नाय.’

‘तांडेलानू, एकदा नीट बघा.’

‘नाय म्हटलंय मां? जावा तुमी.’

मागे एकजण मासळी निवडता निवडता थांबला होता. भिकाजींनी त्याच्याकडे पाहिलं आणि तो पुन्हा वाकला. मी परत फिरलो. मोटरसायकलला चावी लावतोय तोच मागून एक बाई धावत आली. पन्नाशीची, हाताला खवले चिकटलेले.

‘तो कागद दाखवा माका.’

तिने कागद दोन्ही हातांत धरला. ‘पायाचो अंगठो कसो आसा?’

मला आठवेना. हजारो अंगठे हाताखालून गेलेले. ‘नीट पाहिलं नाही, बाई.’

‘मी सुमन. माजो घोव मोहन. ह्या भावोजींचो धाकटो भाव.’

तिथेच रस्त्याच्या कडेला तिने सांगितलं. मोहन चार वर्षांपूर्वी रत्नागिरीला यांत्रिक बोटीवर खलाशी म्हणून गेला. रापणवाल्यांचा त्या बोटींवर राग, सगळी मासळी वरच्या वर उचलून नेतात म्हणून. भिकाजी तर त्या भांडणात सगळ्यांच्या पुढे. सख्खा भाऊच तिकडे गेला तेव्हा त्यांनी भर वाळूवर सगळ्यांसमोर सांगितलं, की आजपासून तू आमका मेलस. तेव्हापासून त्याचं नाव कुणी घेत नव्हतं. दिवाळीच्या आधी मोहनचा सुमनला फोन आला होता.

‘तो म्हणालो, सुमन, माका बरा नाय, मी येतंय. मगे फोनच बंद. माका वाटला, परत मन फिरला. भावोजींच्या भयान.’ तिने कागद परत माझ्यापुढे धरला. ‘खंय गावलो तुमका?’

‘वैभववाडी स्टेशनात.’

तिने तोंडाला पदर लावला. तोंडवलीच्या माणसाने कणकवलीला उतरायचं असतं. तो दोन स्टेशनं आधी उतरला होता.

आता उरलेलं सांगणं भाग होतं. मी कुठे नोकरी करतो, तो कुठे ठेवलाय, सोमवारी दहाला काय होणार आहे. ती ओरडली नाही. फक्त एक पाऊल मागे सरली आणि माझ्या हातांकडे बघत राहिली.

‘उद्या येतंय,’ ती म्हणाली.

रविवारी मी सकाळी सातपासून विभागाच्या पायरीवर बसलो. दुपार झाली. संध्याकाळ झाली. कुणी आलं नाही. मॅडम दोनदा येऊन गेल्या. मी आत जाऊन अंगठा पाहून आलो. उजव्या पायाचा अंगठा नखापाशी तुटका होता, पण ते सांगायचं कुणाला? तिचा नंबर घ्यायचंही मला सुचलं नव्हतं. मनात तो फोटोवाला म्हातारा येऊन बसला, तो काही उठेना.

सोमवारी साडेनऊला पांढरे कोट घातलेली शंभर मुलं दारात उभी. मॅडमनी त्यांना टेबलांकडे जाऊच दिलं नाही, भिंतीशी उभं करून आपली जुनी गोष्ट सांगितली. अधिष्ठाता स्वतः आले.

‘मॅडम, उशीर कशासाठी?’

‘तीन नंबरची ओळख पटण्याची शक्यता आहे, सर.’

‘मुदत संपली आहे. कागद पूर्ण आहेत. ही बॉडी आता संस्थेची आहे. उद्या कमिटीला मी काय दाखवू?’

मॅडम कधी आवाज चढवत नसत. तेव्हाही चढवला नाही. ‘सर, आत्ताच मी या मुलांना कबरी उकरणाऱ्यांची गोष्ट सांगितली. त्यांच्या हातात फावडं होतं, आपल्या हातात कागद आहे. घरचे आहेत हे कळल्यावरही कापलं, तर मी पुढच्या वर्षी ही गोष्ट कोणत्या तोंडाने सांगू?’

मुलं ऐकत होती. अधिष्ठाता लाल झाले. माझ्याकडे वळून म्हणाले, ‘हे उद्योग कुणी केले?’

‘मी केले, सर.’

‘ड्यूटी सोडून किनाऱ्यावर चौकशा करायची परवानगी कुणी दिली होती?’

शनिवारी माझी सुट्टी होती, पण ते सांगायचं धैर्य झालं नाही. दहाला पाच मिनिटं कमी होती. ते म्हणाले, ‘दहा वाजता प्रॅक्टिकल सुरू होईल. मेस्त्री, चादर काढा.’

मी टेबलापाशी गेलो. हात चादरीवर ठेवला आणि तसाच उभा राहिलो. सव्वीस वर्षांपूर्वी ज्या हातांनी पाण्याचा ग्लास दिला होता, तेच हात होते. ‘मी नाही काढणार, सर,’ असं म्हणालो. आवाज इतका बारीक आला, की मला वाटलं कुणाला ऐकूच गेलं नाही.

तेवढ्यात फाटकाकडून आरडाओरड ऐकू आली.

मासळीच्या टेम्पोतून वीसेक माणसं उतरली होती आणि वॉचमनने फाटक लावून घेतलं होतं. ‘आमच्या माणसाक कापूक ठेवलास?’ ‘उघड आधी!’ एकाने फाटकावर दगड मारला. मुली भिंतीला चिकटल्या. अधिष्ठाता पोलिसांना फोन लावू लागले. मी धावत बाहेर गेलो. मला पाहून जमाव आणखी खवळला. ‘ह्योच तो कापणारो!’ म्हणत एकाने फाटकातून हात घालून माझी कॉलर धरली.

‘सोड तेका.’

भिकाजी पुढे आले. त्यांच्या शेजारी सुमन होती. डोळे सुजलेले, आवाज बसलेला. आदला अख्खा दिवस ती दिराच्या दारात बसून होती, हे मला नंतर कळलं. मोहनला मूल नव्हतं. भाऊ उठल्याशिवाय रापण उठणार नव्हती, आणि रापण उठल्याशिवाय खांदा देणार कोण? पहाटे कधीतरी भिकाजी उठले होते.

‘कापलास तेका?’ त्यांनी मला विचारलं.

‘नाही. मांडीला औषधापुरती चीर आहे. ती मीच दिली.’

दोघांनाच आत नेलं. मी चादर गळ्यापर्यंत खाली केली. सुमन बराच वेळ पाहत राहिली आणि तिच्या चेहऱ्यावर जे आलं, ते मला अपेक्षित नव्हतं. संशय आला. औषधाने चेहरा भरला होता. केस मी काढले होते, मिशी मी काढली होती.

‘ह्यो... माका कळाना ओ,’ ती म्हणाली. ‘ह्यो तो न्हय काय?’

दारात अधिष्ठाता उभे होते. ओळख पटली नसती, तर पुढच्या पाच मिनिटांत काय झालं असतं, याचा विचार मी आजही करत नाही. मी पायाची चादर काढायला गेलो, पण त्याआधी भिकाजींनी चादरीखालून त्याचा उजवा हात बाहेर काढला होता. करंगळी तळव्याकडे वाकडी, सांधा जुना मोडलेला.

‘रापणीचो दोर मी सोडलंय तेवा,’ ते म्हणाले. कुणाला सांगत होते कोण जाणे. ‘ह्यो बारा वर्सांचो होतो. मी हसत होतंय, आणि दोर सुटलो. ह्येणा आयशीक खोटा सांगल्यान, आपणच पडलंय म्हणान.’

मग त्यांनी तो हात पुन्हा चादरीत ठेवला, बाळाचा ठेवावा तसा.

‘मोहन,’ ते म्हणाले. सुमनने तेव्हा हंबरडा फोडला.

पोलिस आले, पंचनामा झाला, जबाब झाले, सह्या झाल्या. सगळ्याला दुपार झाली. सुमनने मला एकच विचारलं, ‘औषध भरलास तेवा तेका दुखला काय?’ तोवरच्या इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. ‘नाही, बाई,’ म्हणालो.

पुढचं थोडक्यात सांगतो. तिसऱ्या टेबलावर मॅडमनी हाडं मांडली आणि कमिटीला सरळ सांगितलं, की शरीर घरच्यांना परत दिलं. मला कारणे दाखवा नोटीस मिळाली. मी उत्तर दिलं. एक वेतनवाढ थांबली. अधिष्ठात्यांवर माझा राग नाही, त्यांना शंभर मुलं दिसत होती. दंडावरची ती खूण दिसली नसती, तर मीसुद्धा चादर काढलीच असती, आणि त्याआधीच्या किती जणांची तशी काढली असेल, हे मला ठाऊक नाही.

पण मला सांगायचंय ते त्या दुपारचं. मी त्यांच्यासोबत तोंडवलीला गेलो, कारण जाणं भाग होतं. औषध भरलेलं शरीर सहज जळत नाही. लाकडं जास्त लागतात, आणि सुरुवातीचा धूर डोळ्यांना फार झोंबतो, माणूस उभा राहू शकत नाही. हे आधी सांगणारं कुणीतरी हवं. स्मशान समुद्रालगतच होतं. मी सगळ्यांना वाऱ्याच्या वरच्या अंगाला उभं केलं आणि खालच्या बाजूला कुणी जाऊ नका म्हणून सांगितलं. रापणीच्या त्या माणसांनी, सकाळी माझी कॉलर धरणाऱ्यानेसुद्धा, ऐकलं.

भिकाजींनी अग्नी दिला. धूर उठला आणि जमिनीलगत दक्षिणेकडे सरकू लागला. सगळे इकडे उभे होते. भिकाजी मात्र चितेला वळसा घालून सावकाश पलीकडे गेले आणि धुरात जाऊन उभे राहिले. खोकला सुरू झाला, डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं. मी धावत गेलो आणि त्यांचं मनगट धरलं.

‘तांडेलानू, हंय नको. डोळे जातील.’

त्यांनी हात सोडवून घेतला आणि पाय वाळूत आणखी रोवले.

‘रवांदे,’ म्हणाले. ‘माका हंयच रवांदे.’